रडकी सोडून बाकी सगळी

१७ मार्च, दुपार

चि. धाकट्यास ताईचे अनेक आशीर्वाद.

पत्र बघून दचकू नकोस. फोन केला असता तर तू "मीटिंगमध्ये आहे, ताई" म्हणाला असतास, मग माझं तोंड सुटलं असतं आणि ते तुझ्या ड्रायव्हरनं ऐकलं असतं. कागदावर मी जरा सभ्य असते.

परवा घरी पोचले. लेक आणि नात दोघी सुखरूप आहेत. नात थेट बाबांवर गेली आहे. दूध मिळेपर्यंत कपाळाला आठी, आणि मिळालं की कोण तू आणि कोण मी. भावजयीनं पाठवलेलं दुपटं तिला फार आवडलं, म्हणजे तिनं ते लगेच ओलं केलं.

इकडे घर ठीक आहे. मोरीचा नळ गळत होता, तो बदलून घेतला. पुढच्या खोलीत थोडी ओल आली आहे. शेजारच्या मास्तरीणबाईंनी मांजराला वेळेवर खायला घातलं, त्यामुळे ते आता मला ओळख देत नाही. स्वयंपाकघराची मागची खिडकी मी अजून उघडलेली नाही.

दारात तू ठेवलेली पेटी मिळाली. लाल, चकचकीत, प्रत्येक सफरचंद वेगळ्या कागदात. सगळी एका मापाची, एका रंगाची, खोक्याच्या खळग्यात बरोबर बसणारी. एका आईची लेकरंसुद्धा इतकी सारखी नसतात, आपल्या दोघांकडेच बघ. मी एक कापून खाल्लं. पाणी होतं, गोड होतं. दुसरं खाल्लं तर तेच पहिलं पुन्हा खाल्ल्यासारखं वाटलं. उरलेली मास्तरीणबाईंना दिली. त्यांच्या नातवाला शाळेत फळाचं चित्र काढायचं आहे, त्याला ती फार बरी पडतील.

आता मुद्द्यावर येते, नाहीतर पानभर नळच गळत राहील.

लेकीच्या बाळंतपणाला मी निघाले तेव्हा स्टेशनवर माझी पिशवी तू उचललीस. म्हणालास, "सावकाश ये ताई, घाई करू नकोस. इकडचं मी बघतो." मला भरून आलं होतं. गाडीत शेजारच्या बाईला मी सांगितलंसुद्धा की भाऊ असावा तर असा. तुझा मेसेज आला तो बाबांच्या बागेतली सफरचंदाची झाडं आडवी झाल्यावर. "ताई, तुला सांगणारच होतो." वरातीमागून घोडं म्हणतात ते हेच.

काल मुकादम आला होता. चहा घेतला, पण कपातून वर बघायला तयार नाही. लहानपणी बाबांच्या हाताखाली तो आपल्याच बागेत छाटणी शिकला, हे तुला आठवत असेल.

"साहेब म्हणाले, ताईंना विचारलंय," तो म्हणाला.

"मग तू काय म्हणालास?"

"म्हटलं, ताई हो म्हणाल्या असतील तर माझं काय जातं. पण बाई, खडबड्या तोडताना पोरांना मी बाजूला बसवलं. तो मी एकट्यानं तोडला. कुणी बोलायला नको म्हणून."

म्हणजे त्यालाही तू थाप मारलीस. मला फसवलंस ते एक वेळ घरातलं. त्या बिचाऱ्याला त्याच्या गुरूच्या झाडावर करवत चालवायला लावलीस, आणि तीही माझ्या नावावर.

तो गेल्यावर मी मागचं दार उघडून बागेत गेले. खिडकी उघडायचं धैर्य नव्हतं, दार कसं उघडलं कोण जाणे. सगळे बुंधे गुडघ्याएवढे. पायाखाली भुसा. मी प्रत्येकापाशी उभी राहिले. म्हातारी, जिची फळं हिवाळाभर गवतात ठेवली की सुरकुतायची आणि मग साखरेला लाजवायची. खुळखुळा, जो पिकला की कानाशी हलवून बघायचा, आत बिया वाजायच्या. तुपाळ, जिच्या सालीला हात लावला की बोटं तुपात बुडवल्यासारखी. लाजरी, बाहेरून हिरवी आणि कापली की आत गुलाबी. काळुंद्री, जिला बघून पाहुणे विचारायचे, "सडलंय का हो?" आणि बाबा म्हणायचे, "हो, तुम्ही घेऊ नका." आणि तुझा खडबड्या. बटाट्यासारखी साल, बाजारात कुणी हात लावणार नाही, आणि आत अक्रोडाची चव. तू लहानपणी दुसरं सफरचंद खायचा नाहीस. आईनं सोलून, कापून, फसवून दुसरं पुढे केलं तरी पहिल्याच घासाला थुंकायचास.

रडलीस का म्हणून तू विचारणार नाहीस, तरी सांगते. रडले. मग नाक पुसलं आणि मला राग आला, तो अजून उतरलेला नाही.

तुझं म्हणणं मला पाठ आहे. गिऱ्हाईक एकच फळ मागतं. एवढे वाण, एवढ्या वेळा पिकणारे, प्रत्येकाची तऱ्हा वेगळी, मजूर किती वेळा बोलवायचे. कागदावर घर माझं आणि बाग तुझी. सगळं खरं आहे. कायद्यानं तू चुकलेला नाहीस. पण आजोबा ज्या ज्या गावी कामाला गेले तिथून खिशात एकेक काडी घालून आले, आणि त्यातल्या काहींची मूळ झाडं त्या त्या गावात केव्हाच मेली. तिथल्या लोकांना आता नावंसुद्धा आठवत नाहीत. ते वाण फक्त आपल्या परसात जिवंत होते. तू मजूर लावून आठवडाभरात जे तोडलंस, ते तुझ्या बागेपुरतं नव्हतं.

"खाण तशी माती" ही म्हण ज्यानं केली, त्यानं सफरचंदाची बी कधी लावली नसावी. खडबड्याची बी लावली तर खडबड्या उगवत नाही, भलताच कुणी उगवतो. बाबा आपल्याला दोघांना शेजारी बसवून सांगायचे, "वाण बीत नसतो, काडीत असतो. झाडाची काडी दुसऱ्या झाडावर बांधली तरच तो पुढे जातो." मी ऐकत होते. तू खडबड्या खात होतास.

म्हणून आता तुला जे सांगणार आहे ते नीट बसून वाच.

बाबा गेले त्या हिवाळ्यात तू मोजपट्टी घेऊन बागेत फिरलास. मी विचारलं, झाडांचं काय करणार आहेस, तर म्हणालास, "बघू." आपल्या घरात "बघू"चा अर्थ काय होतो ते मला चांगलं माहीत आहे. माझी शाळा "बघू"नंच सुटली. त्याच आठवड्यात मी प्रत्येक झाडाच्या काड्या काढल्या, ओल्या पोत्यात गुंडाळल्या आणि तळघरात ठेवल्या. पण बांधायच्या कुठं? बागेत बांधून उपयोग नाही, बाग तुझी. माझं अंगण हे एवढंसं आणि वर मास्तरीणबाईंच्या भिंतीची सावली.

मग मला तुझ्या कोल्ड स्टोरेजचं गेट आठवलं. उद्घाटनाला ठेकेदारानं रस्त्याच्या कडेनं ओळीत लावलेली ती शोभेची झाडं. वसंतात गुलाबी फुलं, नंतर पाखरांसाठी वाटाण्याएवढी फळं. तुला कुणी सांगितलं नसेल, पण ती सफरचंदाचीच भावंडं आहेत. सावत्र म्हण, पण भावंडं. त्यांच्यावर आपली काडी धरते.

मी चोरून काही केलं नाही. भर दुपारी गेले, ॲप्रन घालून, हातात कात्री, करवत आणि कलमाचा चाकू. कात्री घेऊन झाडावर काम करणाऱ्या बाईला जगात कुणी अडवत नाही. तुझ्या वॉचमननं विचारलं, "कोण?" म्हटलं, "साहेबांची बहीण. झाडं बघायला आले." त्यानं आतून स्टूल आणून दिलं आणि वर म्हणाला, "बरं झालं, यांच्याकडे कुणी बघत नाही."

वडाची साल पिंपळाला लावू नये म्हणतात. मी लावली. एका झाडावर म्हातारी, पुढच्यावर खुळखुळा, मग तुपाळ, लाजरी, काळुंद्री आणि बाकीची. वरच्या फांद्यांवर, पानांच्या आत, रस्त्यावरून दिसणार नाहीत अशी. पहिल्या खेपेला काही धरली नाहीत, ती पुढच्या वर्षी पुन्हा बांधली. तुला वाटायचं ताईला भाच्याची फार ओढ, सारखी येते. भाच्याची ओढ आहेच. पण प्रत्येक वेळी तुमच्या घरी यायच्या आधी मी गेटवर अर्धा तास असायचे.

आणि एक दिवस तू स्वतः आलास. आठवतंय? गाडीतून उतरलास आणि हसलास. "ताई, तुला स्वस्थ बसवत नाही. इथंही झाडांना हात लावतेस." मी ऑफिसच्या खिडकीसमोरच्या झाडावर काम करत होते आणि स्टूल डुगडुगत होतं. तू म्हणालास, "पडशील," आणि ते दोन्ही हातांनी धरलंस. मी काळी पट्टी गुंडाळत होते. "हे काय बांधतेस?" मी म्हटलं, "जखम आहे." खोटं नव्हतं. कलम म्हणजे जखमच, दोघांना होते आणि मग दोघांची मिळून भरते. बाबांचा मुलगा, कलमाच्या बागेत वाढलेला, नाकासमोर पाचर कलम बांधलं जातंय आणि त्याला ते कळलं नाही. त्या क्षणी मला तुझी कीव आली की हसू आलं, मला अजून ठरवता येत नाही. पण तू स्टूल सोडलं नाहीस, हे मी विसरलेले नाही.

गेल्या हंगामात लाजरीला दोन फळं लागली. तुझ्या वॉचमननं एक खाल्लं आणि मला बाजूला घेऊन विचारलं, "बाई, आत गुलाबी आहे, बिघडलंय का?" मी म्हटलं, "खा रे, ते लाजतंय." त्यानं दुसरंही खाल्लं आणि बिया खिशात घातल्या. मी त्याला बीचं सांगितलं. या वर्षी तो काडी मागतोय.

तर असं आहे. तू बाग तोडलीस आणि बाग तुझ्याच दारात उभी आहे. परदेशी पाहुण्यांबरोबर त्या झाडांपुढे उभं राहून तू फोटो काढलेस, ते ऑफिसात फ्रेम करून लावलेस. फोटोत तुझ्या डोक्यावर खुळखुळा आहे. नीट बघ.

रडकी मात्र धरली नाही. दोनदा बांधली, दोनदा वाळली. नाव ठेवलं होतं तिला आईनं, कापली की रस टपटप गळायचा म्हणून. एवढी आंबट की पाखरंही शिवायची नाहीत, पण आई तिचा सिरका करायची आणि वर्षभर घर त्या वासानं ओळखू यायचं. या हिवाळ्यात मी तिला तिसऱ्यांदा बांधणार होते. लेकीचे दिवस भरत आले, म्हटलं परत आल्यावर काड्या काढू, झाड कुठं पळून जातंय. मी बागेत तिची एक तरी फांदी शोधली. मुकादम आधीच म्हणाला होता, फांद्या सगळ्या ढलप्या पाडायच्या मशीनमध्ये गेल्या. ती आता कुठंच नाही, जगात कुठंच नाही.

बाकीच्यांसाठी मी तुला माफ करीन, कारण ती गेलेलीच नाहीत. रडकीसाठी करणार नाही. मी गेल्यावर तुला वाटलं की ताईनं केलं असेल, तर नाही, केलेलं नाही. हे पत्र जपून ठेव.

महिनाअखेरीला जेसीबी येऊन बुंधे उपटणार आणि तुझी लाल रोपं लागणार असं मुकादम म्हणाला. मी मशीनपुढे आडवी पडणार नाही. त्या वयाची राहिले नाही, आणि पडले तरी तू कुणाला तरी मला उचलायला सांगशील. मी सांगते ते एवढंच. आज सकाळी मी तुझ्या गेटवर होते. कळ्या अजून झोपलेल्या आहेत, काड्या काढायची हीच वेळ. पोतं भरून आणलंय. तू खिडकीत फोनवर बोलत होतास, मला बघून हात हलवलास. मीही हलवला, कात्रीसकट.

बुंध्यांत रस चढून साल सुटायला लागली की मी बुंध्यांवर कलमं बांधायला सुरुवात करणार. मुळं जिवंत आहेत, त्यांना काय कळतं मालक कोण. तू बुंधे राखलेस तर बागेत बांधीन. उपटलेस तर मास्तरीणबाईंच्या परसात बांधीन, वॉचमनच्या दारात, मुकादमाच्या विहिरीपाशी. तो तुपाळ मागतोय, आणि खडबड्याचं नाव काढून पुन्हा कपात बघतो. सगळी एका जागी होती म्हणून तुला एका झटक्यात तोडता आली. ती चूक बाबांची. मी ती करणार नाही. दर घरामागे एक झाड असेल, आणि एवढे जेसीबी तुझ्याकडेही नाहीत.

गेटवरची झाडं तुझी आहेत, कागदावर तीही तुझीच. तोडायची असतील तर तोड. पण मुकादमाला सांगू नकोस आणि माझं नावही पुढे करू नकोस. करवत स्वतः हातात घे आणि खिडकीसमोरच्या झाडापासून सुरुवात कर. त्यावरचं कलम मी तू धरलेल्या स्टुलावरून बांधलंय. त्याला या वर्षी पहिल्यांदा फळ लागेल, खडबडीत, बटाट्यासारख्या सालीचं. एक घास खा आणि मग तोड.

भाच्याला आत्याचे आशीर्वाद, भावजयीला नमस्कार सांग. उद्या सकाळी मागची खिडकी उघडणार आहे.

रडकी सोडून बाकी सगळ्यांची,
आणि अजून तुझीही,
ताई