म्युझिक शून्यावर

भुकूम,
१२ नोव्हेंबर २०२५

ती. साधनाआत्यास,
गौतमीचा सा. न. वि. वि.

तुझ्या ढाब्यावर फोनला रेंज नाही ते एका अर्थी बरंच आहे. नाहीतर मी हे सगळं फोनवर ओरडून सांगितलं असतं आणि आमच्या वरच्या मजल्यावरच्या भाडेकरू पोरांनी ते चवीनं ऐकलं असतं. आतोबांचे गुडघे कसे आहेत? ताम्हिणीच्या चढावर स्कूटर ढकलू नका म्हणावं.

आता मुद्द्याचं. आमच्या खालच्या गाळ्यात पौडच्या शहनवाजनं गेमिंग कॅफे टाकलाय. गाळा रिकामा राहिला नाही म्हणून अण्णा, म्हणजे तुझा लाडका दादा, खूश आहेत. पण त्यांची बावीस वर्षांची मुलगी ऑफिसातून आल्यावर तिथं जाऊन बसते, म्हणून तोंड वाकडं. खेळ म्हणजे काय, तर लपाछपी आणि बंदुका. पडक्या गोदामात दोन टोळ्या एकमेकींना शोधतात. आमची पाच जणांची टीम आहे आणि शहनवाज मला टीमचा कान म्हणतो. हसू नको! त्याला बिचाऱ्याला काय माहीत, माझ्याकडे एकच आहे ते.

खेळाच्या सेटिंगमध्ये म्युझिकची पट्टी वेगळी असते आणि पावलं, दारं, गोळ्या यांची वेगळी. मी बसले की पहिलं काम म्हणजे म्युझिक शून्यावर. कितीही भारी संगीत असू दे, त्या ढणढणाटात पावलं बुडतात. दोन कानवाल्यांना पाऊल कुठून आलं ते आपोआप कळतं. मला नाही कळत, म्हणून मी खेळातल्या माणसाची मान फिरवत राहते. आवाज उजव्या कानात सगळ्यात मोठा झाला की समजायचं, गडी माझ्या उजवीकडे आहे. सवयीनं जमतं, पण त्याला शांतता लागते.

या २९ तारखेला हिंजवडीत मोठी स्पर्धा आहे. तिथले कॉम्प्युटर आयोजकांचे, आणि म्युझिक सगळ्यांना पूर्ण चालू. का, तर हॉलमधल्या लोकांना आणि इंटरनेटवर बघणाऱ्यांना मजा आली पाहिजे. कुणाला बंद हवं असेल तर कारण द्यायचं, आणि ते कारण माईकवरून सगळ्यांना सांगणार, म्हणजे समोरच्या टीमची तक्रार नको.

आणि नेमकं कासारसाईचं स्थळ आलंय. मुलगा हिंजवडीतच नोकरीला आहे. माझा खेळ बघायला तो घरच्यांना घेऊन येणार म्हणे. अण्णांनी बजावलंय की कानाचा क जरी तोंडातून निघाला तर बघ.

गालगुंडाच्या तापात माझा डावा कान गेला, हे तुला, आईला, अण्णांना आणि डॉक्टरला, एवढ्यांनाच माहीत. बाकी जगाला अण्णांनी काय सांगितलंय? पोरगी ऐकत नाही. शाळेत बाईंनी मागून हाक मारली आणि मी वळले नाही, की अण्णा हसून सांगायचे, ऐकतच नाही ती. बहिऱ्या मुलीपेक्षा हट्टी मुलगी खपते, असा त्यांचा हिशोब. पण हट्टी मुलीला छड्या बसतात, त्या त्यांनी नाही खाल्ल्या.

मला सांगायचंय, आत्या. अण्णांची भीती वाटते, तरी सांगायचंय. तुला काय वाटतं ते लिही. हे पत्र एसटीच्या कंडक्टरकडे दिलंय, उत्तरही त्याच्याकडेच दे.

लोभ आहेच, तो तुझ्या ताकासारखा पातळ होऊ देऊ नको.

तुझी,
गौतमी


ताम्हिणी,
१६ नोव्हेंबर २०२५

चि. गौतमीस,
आत्याचे पोटभर आशीर्वाद.

तुजं पत्र पिठल्याला फोडणी घालताना वाचलं, तवा त्याच्यावर तेल उडालं. आतोबांचे गुडघे हायेत तसेच हायेत, जीभ मातुर जोरात चालतीया. माझ्या ताकाला नावं ठेवतीस व्हय? ये एकदा हितं, बघते तुला.

मला आधी काय कळंचना. खेळणार तू, कान तुजा, आन गाणं दुसऱ्याच्या मर्जीचं? हितं शनिवार-रविवारी पुण्याची पोरं गाडीची दारं उघडी टाकून गाणी लावत्यात. गिऱ्हाईक काय मागतंय ते मला ऐकू येत न्हाई. मी सरळ जाते आन सांगते, भाकरी पायजे आसंल तर गाणं बंद. आजवर येक बी गिऱ्हाईक उपाशी गेलं न्हाई.

तू सांग. पर रडत सांगू नगं. च्यात साखर नगं म्हणून सांगतो ना, तसं सांग. तू कुणाकडं दया मागाया चालली न्हाईस. चांगला खेळ खेळाया तुला जे लागतंय, ते मागतीयास.

आन त्या कासारसाईवाल्याशी तू सोता बोललीस का? का नुसतं पोह्याचं ताट पुढं केलंस? लगीन ठरलंच तर एक सोय हाय बघ. सप्तपदी झाली की नवरी नवऱ्याच्या डावीला बसती. म्हंजी तुजा उजवा कान त्याच्याकडं. त्याची समदी बडबड तुला जलमभर ऐकाया लागंल, येवढाच तोटा.

दादाला मी काय भ्याले न्हाई, तू बी भिऊ नगं. आईला माजा नमस्कार सांग.

माया कमी पडली तर कळव, आणखी धाडते.

तुजी,
साधनाआत्या


भुकूम,
२१ नोव्हेंबर २०२५

चि. सौ. साधनास,
दादाचे अनेक आशीर्वाद.

तू पोरीला काय लिहिलंस ते तिनं मला दाखवलं न्हाई, पर तिच्या चालीवरनं समजलं. आगीत तेल वतायची तुजी सवय लहानपणापास्नं हाय. पोरगी आदीच ऐकत न्हाई, त्यात तुजी फूस.

झालं काय ते सांगतो. तिनं त्या स्पर्धावाल्यांना आदीच फोन करून म्युझिक बंद करा म्हणून सांगितलं, पर कारण सांगितलं न्हाई. सांगंल कसं, मी घरातच हुतो. मग त्या माणसानं शहनवाजला विचारलं. शहनवाज वर आला आन मला विचारलं, की चाचा, गौतमीला म्युझिक का नगं, काय अडचण हाय का. माझ्या तोंडात जे कायम आसतं तेच आलं. म्हणलं, काय अडचण न्हाई, ऐकत न्हाई ती. त्यानं तितं तसंच कळवलं. तितनं उत्तर आलं, की हट्टापायी नियम बदलत न्हाईत. तवापास्नं ती माझ्याशी बोलत न्हाई. जेवाया बी आईसंगं आत बसतीया.

मी काय तिचा वैरी हाय? डाक्टरनं कान गेला म्हणून सांगितलं तवा ती माझ्या खांद्यावर झोपली हुती. तितल्या तितं मी ठरवलं, की हे कुणाला कळू द्यायचं न्हाई. लोक काय म्हणत्यात तुला ठाव हाय. एक कान गेला आसं कुणी म्हणत न्हाई, बहिरी म्हणत्यात. नाव मागं पडतं आन तेवढंच ऱ्हातं. कासारसाईची माणसं चांगली हायेत, जमीन हाय, पोरगं निर्व्यसनी हाय. हे स्थळ गेलं तर पुढचं विचारत येणार, की पयलं का मोडलं.

तू तिला समजाव. तुजं ती ऐकती.

आमच्यावर राग धरू नगं, धरलास तर फार दिस ठेवू नगं.

तुजा दादा,
शेखर


ताम्हिणी,
२४ नोव्हेंबर २०२५

ती. दादास,
साधनाचा शि. सा. न.

पत्र मिळालं. दोनदा वाचलं, दोनी येळा डोकं फिरलं.

ऐकत न्हाई, आसं तू पुन्ना लिहिलंस. आरं, ऐकू येत न्हाई म्हणायचं आसतं! मधला येवढासा शब्द तू इतकी वर्सं गिळत आलायस. ऐकू येत न्हाई म्हणलं की दोष त्या गालगुंडाचा. ऐकत न्हाई म्हणलं की दोष पोरीचा. गालगुंडाचा दोष तू तुझ्या पोरीच्या पदरात बांधलास, आन वर इच्यारतोस की मी काय वैरी हाय का. वैरी न्हाईस. भित्रा हायस.

आन तुला वाटलं, थाप मारून कुणाचं काय बिघडतंय? बिघडलं की! तिनं सरळ मागितलेली गोष्ट त्या लोकांनी तुझ्या शब्दावर नाकारली. हट्टी ठरवली तिला. पोरीचं नाव बहिरी पडू नये म्हणून तू तिला दुसरं नाव पाडलंस, ते काय गोड हाय का?

लोक काय म्हणत्यात ते मला सांगू नगं. मी रस्त्याकडंला ढाबा चालवते, लोक काय बी म्हणत्यात. सकाळी म्हणत्यात आन दुपारी इसरत्यात.

२९ ला तू तितं जाऊन बसायचं. घरी बसलास तर पुढल्या भाऊबीजेला माझ्या दारात पाट मांडलेला दिसणार न्हाई. आन मी तिला समजावणार न्हाई. तीच शाणी हाय.

ल्हान हाय म्हणून माफ कर, खरं हाय म्हणून ध्यानात ठेव.

तुजी,
साधना


भुकूम,
२ डिसेंबर २०२५

ती. साधनाआत्यास,
गौतमीचा सा. न. वि. वि.

शनिवारी अण्णा आले होते. तू काय लिहिलंस देव जाणे, पण सकाळी इस्त्रीचा शर्ट घालून गुपचूप स्कूटरवर माझ्या मागं बसले. हॉलमध्ये मात्र शेवटच्या रांगेत, दाराजवळ. कासारसाईची मंडळी पुढं सोफ्यावर होती.

पहिला सामना म्युझिक चालू ठेवूनच खेळावा लागला. काय सांगू तुला, नुसता ढोल बडवल्यासारखं! समोरची पोरं पाठीमागून यायची आणि मला पत्ता नाही. तीनदा मेले. आमच्या टीममधला ओम वैतागून म्हणाला की झोपली आहेस का. शहनवाजनं डोक्याला हात लावला. सामना गेला. आणखी एक गेला असता तर आम्ही घरी.

मग मी उठले आणि सरळ निवेदकाकडे गेले, माईक मागितला. त्याला वाटलं मी आभार मानणार आहे. मी सांगितलं की माझा डावा कान लहानपणी गालगुंडानं गेला, तो परत येणार नाही, मला पावलं ऐकायला लागतात म्हणून माझं म्युझिक शून्यावर करा, बाकी आवाज आहे तसा ठेवा. तू म्हणालीस तसं, चहातल्या साखरेसारखं जमलं का माहीत नाही, पण रडले नाही. तिथं साऊंडवर बसलेल्या पोरानं घाबरून अख्ख्या हॉलचे स्पीकरच बंद केले! एवढी शांतता झाली की मला माझीच लाज वाटायला लागली. मग रागच आला. लाज कशाची?

समोरची टीम कुरकुरली की हिला फायदा होईल. मी म्हटलं, तुम्हीपण शून्यावर करा की, कुणी अडवलंय. ते नको म्हणाले, त्यांना संगीत आवडतं. शहनवाज तर आयोजकांवर असा घसरला की अण्णांचं जे उत्तर त्यानंच कळवलं होतं ते साफ विसरून गेला. माझं म्युझिक शून्यावर आलं आणि आम्ही दुसरा सामना जिंकलो, पुढचाही जिंकलो. फायनलला हरलो. ते ओमच्या घाईमुळे, माझ्या कानामुळे नाही. हे मुद्दाम लिहिते, कारण गावात वेगळं सांगतील.

परत येताना अण्णा रस्ताभर फक्त खड्ड्यांबद्दल बोलले.

रविवारी कासारसाईची मंडळी घरी आली. मला वाटलं, नाही म्हणायला आली. पण मुलाच्या चुलतीनं, लीलाबाई त्यांचं नाव, फार गोड आवाजात सांगितलं की मुलगी पसंत आहे, कानाचं आम्ही चालवून घेऊ. फक्त खेळ बंद, आणि कुणी विचारलंच तर सांगायचं की उपचार झाले, आता ऐकू येतं. मुलगा खाली बघत होता. मी त्यालाच विचारलं की तुझं काय म्हणणं आहे. तो म्हणाला, घरचे म्हणतील तसं. मग मी सांगितलं की मला हे जमणार नाही. कान गेलाय, तो गेलाय असंच मी सांगणार, लग्नातही आणि लग्नानंतरही.

लीलाबाई अण्णांकडे वळून म्हणाल्या की मुलगी फारच ऐकत नाही तुमची.

आणि आत्या, अण्णा उठले. मी चहाचे कप गोळा करायला वळले होते, माझा डावा कान त्यांच्याकडे होता. घरात कानाचा विषय निघाला की ते नेहमी पुटपुटतात, तुला माहीत आहे. या वेळी असे ओरडले की वरची भाडेकरू पोरं गॅलरीत आली आणि शहनवाज गाळ्यातून बाहेर आला. म्हणाले की माझ्या पोरीला डाव्या कानानं ऐकू येत नाही, येणार नाही, आणि ज्याला ते चारचौघांत सांगायला लाज वाटते त्याच्या घरात मला ती द्यायची नाही.

मला शब्दन् शब्द ऐकू आला.

आतोबांना नमस्कार. लोभ असू दे, आणि तो मोठ्यानं असू दे.

तुझी,
गौतमी