दोन गळ्यांचं मडकं

८ डिसेंबर १९३७

आज नादपीठात रुजू झाले! कनेरगाव नाक्याहून सेनगावकडे छकड्यात सारी सकाळ गेली. बाबा सोबत होते. काळ्या दगडाची कमान पाहून त्यांना देऊळ वाटलं. वहाणा काढल्या आणि आत येईपर्यंत हातातच धरल्या. मला हसू आलं, मग डोळे भरले. मेंढरं राखणाऱ्याची पोरगी नागपूरहून बी. ए. होऊन विद्यापीठात नोकरीला लागते, हे त्यांना अजून खरं वाटत नाही. मलाही नाही.

बाकीच्या जगात आवाज उमटतो आणि विरतो. इथे तो मडक्यात भरून ठेवतात, घरी लोणचं भरावं तसा. एका कोठीत बैलांच्या घुंगरांची तीनशे मडकी आहेत, दुसरीत निव्वळ हसणं. विद्यार्थी झाकण किंचित उचलतात, ऐकतात, टिपणं काढतात, पुन्हा लाख लावून ठेवतात. माझ्याकडे जात्यावरच्या ओव्या आहेत. कुलगुरू म्हणाले, बायका जातात तशी त्यांची गाणीही जातात, ती तेवढी तुम्ही थांबवा. याहून चांगलं काम मला कोण देणार होतं?

११ डिसेंबर

मडक्यांना लाख लावणाऱ्या जाहेदाबींनी काम शिकवलं. गाणारीचं काही जात नाही; तिच्या आवाजाची नुसती सावली मडक्यात उतरते. मात्र तोंड उघडं असताना दुसऱ्या कोणी ब्र काढायचा नाही. एका मडक्यात एकच गळा. मी कारण विचारलं तर म्हणाल्या, "काहून म्हणजे? एका चोळीत दोघी मावतात व्हय?" मग माझ्याकडे बघून, "बी. ए. झाल्या, आता गप बसायचं शिका."

१५ डिसेंबर

आज चांगुणाबाई आली. मेंढरांमागे फिरणारी, आमच्यासारखीच. कडेवर वर्षाची पेमा. तिला झोळीत टाकून बाई जात्याला बसली. मडकं तिच्या हनुवटीखाली ठेवलं. असा आवाज मी ऐकला नव्हता. रानात लांबवर पोचेल आणि तरी लेकराला झोप लागेल असा.

पेमा माझी चालंल मेंढरांच्या वाटंनं,
माझी हाक जाईल तिच्या पाठीपाठीनं.

दुसऱ्या खेपेला पहिली ओळ गाऊन ती थांबली. खुंट्यावर हात, नजर माझ्यावर. आमच्याकडे जात्याला दोघी बसतात. एकीनं ओळ टाकली की दुसरीनं उचलायची. आई आणि मी वर्षानुवर्षं तसंच दळलं. टाकलेली ओळ खाली पडू देणं म्हणजे समोरचीचा अपमान.

मी उचलली. दुसरी ओळ मी गायले.

जाहेदाबी लाख तापवायला चुलीपाशी गेल्या होत्या. परत आल्या तेव्हा मी गप्प होते. त्यांनी झाकण लावलं. नोंदवहीत मी लिहिलं : एक गळा.

१९ डिसेंबर

चांगुणाबाईचा नवरा ज्ञानबा तिला घेऊन आला. तिचा आवाज गेला आहे. कण्हते तेही ऐकू येत नाही. पेमा रडते, आई तोंड हलवते, पेमा आणखी रडते. ज्ञानबा ओरडला नाही, तेच जास्त लागलं. म्हणाला, बाई, मेंढरं हाकेवर चालतात अन् लेकरू बी. आता हिनं हाकारायचं कशानं?

घसा बसला असेल, उतार पडेपर्यंत इथेच थांबा, असं मी सांगितलं. मी.

२१ डिसेंबर

वर्गात शिकवताना मुली माझ्याकडे न बघता कोठीच्या भिंतीकडे बघू लागल्या. माझे ओठ इथे हलतात, आवाज तिकडून येतो. प्रत्येक वाक्य थोडं उशिरा.

जाहेदाबींना सगळं सांगितलं. त्या मटकन खाली बसल्या. दोन गळे एकात गेले की मडकं भरतच नाही, म्हणाल्या. दोघींचं उरलेलं ओढत राहतं.

२२ डिसेंबर

कुलगुरूंकडे चूक कबूल केली. मडकं फोडू द्या म्हटलं. त्यांना आनंद झाला! न उघडता बोलणारं मडकं, शंभर वर्षांत पहिलं. मायलेकींना आवारातच ठेवून घ्या, म्हणाले. फाटकं बंद केली. ज्ञानबाला बाहेर काढलं. बाई निघून जाताना दिसली तर मी घंटा वाजवायची. दोरी माझ्याच खिडकीशी आहे.

२४ डिसेंबर

भर दुपारी मडक्यातून हाक आली. पेमा, पेमा. अर्धी चांगुणाबाईची, अर्धी माझी. काल धरून उभी राहणारी पोर आज चालत कोठीत गेली — मडक्याला मिठी मारून बसली. आईनं ओढलं तर आईला चावली.

चांगुणाबाईनं माझ्याकडे पाहिलं. आवाज असता तर शिवी दिली असती. दिली असती तर बरं.

२५ डिसेंबर

उद्या फोडायचं. जाहेदाबी किल्ली आणतील. त्या म्हणतात, फुटताना मडकं हाक मारतं. जो पहिली ओ देईल, त्याच्या गळ्यात सगळं जातं. चांगुणाबाईनं नुसते ओठ हलवले तरी पुरे. पेमाला लांब धरायचं. माझाही आवाज तिला गेला तर जाऊ दे. तिचा मिळावा, बस.

२६ डिसेंबर

फोडलं. पेमा जाहेदाबींच्या हातून निसटली. चांगुणाबाईचे ओठ हलायच्या आत —

पोरीनं ओ दिली. दोघींचा — दोघींचा तिच्यात —

२७ डिसेंबर, सकाळ

पेमा अंगणात बोलते आहे. तोंडात चार दात. आधी आईच्या आवाजात, मग माझ्या. मी लिहिते तीच वाक्यं म्हणते.

नाही. उलट. आधी ती म्हणते, मग मला सुचतं. ती दूध प्यायला लागली की माझं पान कोरं.

थोड्या वेळानं

चांगुणाबाई तिला कडेवर घेऊन मागच्या फाटकाकडे — जाहेदाबी कुलूप काढून राहिल्या — दोरी हाताशी आहे. ओढली तर दोघी राहतील. माझे शब्दही राहतील.

ओढणार नाही. लेकरू तिचं आहे.

बाहेर पडल्या. पेमा बोलते आहे — वाऱ्यानं अर्धंच —

ओढा ओलांडला — ज्ञानबा पुढे, मेंढरं — मला आता

मला