टिरपिट्झच्या आठ तोफा

सेंगकांग, शनिवार संध्याकाळ

टिरपिट्झपायी आमचं जेवणाचं टेबल गेलं. महिनाभर मी नि बायको सोफ्यावर, ताट मांडीवर घेऊन जेवतोय. जर्मनीला शिकायला जाताना लेक दुसऱ्या महायुद्धातल्या या जर्मन युद्धनौकेचं मॉडेल अर्धवट टाकून गेली. आज आठवी तोफ चिकटवली आणि तिला फोन लावला. दिवाळीला येतेस का, एवढंच विचारायचं होतं. म्हणालो मात्र, "बघ, अशा आठ तोफा. समुद्रात शत्रूची जहाजं फोडली असतील हिने."

"काय बाबा, ती तर बराच काळ नॉर्वेच्या खाडीत लपून होती."

तिच्या मागे ताटं मांडल्याचा आवाज. कुणीतरी हाक मारली, ती जर्मनमध्येच 'आले' म्हणाली असावी. किती सहज! दिवाळीचं राहिलंच.

मग वाचून पाहिलं. त्या आठ तोफांतून शत्रूच्या जहाजावर एकही गोळा सुटला नव्हता.