लाल पट्ट्याची मासोळी

१४ जुलै, रविवार
आज इतिहास घडला. पांगोली नदीचं पाणी धानाच्या बांध्यांत शिरतं, तिथे सहज जाळं टाकलं. बोटाएवढ्या पाच-सहा मासोळ्या आल्या. शेपटीजवळ काळा ठिपका, आणि गालापासून शेपटीपर्यंत लालभडक पट्टा! सव्वीस वर्षं बायोलॉजी शिकवतोय. असा मासा कुठल्याच पुस्तकात नाही. नवी जात. नाव ठरलं, माझ्याच नावावरून : पुंटियस योगराजी. मला डावलून रोशनला शाळेचा पर्यवेक्षक करणाऱ्या मॅनेजमेंटने आता तोंड लपवावं.
संकल्प : आजपासून तंबाखूचा खर्रा बंद. शास्त्रज्ञाला शोभत नाही.

१५ जुलै
टँक येईपर्यंत मासे कपड्यांच्या टबात ठेवले. बायकोची, रीनाची कटकट सुरू. म्हणे, "मी कपडे कायच्यात भिजवू? सारा मुर्री तुमाले हासून राहिला." मुर्री गावाला पुढे माझा पुतळा उभारावा लागेल, हे तिला कोण सांगणार? खर्रा एकच. टेन्शनमुळे.

२१ जुलै, रविवार
मोनाली नागपूरहून आली. एम.एस्सी. झाली, आता पीएच.डी. करणार आहे, तीही छोट्या माशांवर. माझंच रक्त! मोठ्या अभिमानाने टँक दाखवला. तिने वाकून पाहिलं आणि हसली. म्हणाली, "बाबा, हे साधेच मासे आहेत. विणीच्या दिवसांत नर असे लाल होतात. दिवाळीपर्यंत रंग उतरेल बघा."
पण इतक्या घाईने नाही म्हणायचं कारण काय? आणि साधेच आहेत तर फोटो कशाला काढले?

२५ जुलै
कारण कळलं. मोनालीच्या स्टेटसवर माझ्या माशाचा फोटो! खाली लिहिलंय, 'आमच्या बाबांनी पकडलेला'. पकडलेला. शोधलेला नाही, पकडलेला! शब्द बरोबर मोजूनमापून निवडलाय. रीनाला दाखवलं. ती म्हणाली, किती कौतुकाने टाकला पोरीने. बाईमाणूस भोळं असतं.

२८ जुलै, रविवार
मोनालीच्या गाइड मॅडमना मेल पाठवला. इंग्रजीत. 'आपली विद्यार्थिनी माझं संशोधन चोरण्याच्या बेतात आहे. पालक म्हणून नव्हे, वैज्ञानिक म्हणून लिहीत आहे.' वाक्य काय उतरलंय! कॉपी कुलगुरूंना.
रीनाला वाचून दाखवला, मराठीत. तिने हातातली परात खाली ठेवली. मग म्हणाली, "पोरगी होय ना जी ते तुमची. कायले असं केलं?" मी सांगितलं, विज्ञानात नातीगोती नसतात. हे वाक्य सत्काराच्या भाषणात घ्यायचं.

६ ऑगस्ट
मॅडमचं उत्तर आलं. तक्रारीची चौकशी होईपर्यंत मोनालीचा प्रवेश थांबवला आहे. म्हणजे मला सीरियसली घेतलं! सव्वीस वर्षांत पहिल्यांदा कुणीतरी.
संध्याकाळी मोनालीचा फोन. आवाज बसलेला. सर्दी असावी. म्हणाली, "बाबा, तो मेल मागे घ्या. एवढं एकच करा." मी म्हटलं, माझा पेपर छापून येऊ दे, मग नक्की बघू. तिने फोन ठेवला. रेंजचा प्रॉब्लेम आमच्याकडे कायमचाच.

१८ ऑगस्ट, रविवार
मॅडमनी ती जागा दुसऱ्या कुणाला दिली. घाईच केली. मी फक्त मासा मागितला होता, जागा नाही.
रीना बोदलकशाला भावाकडे गेली. म्हणाली, "पोऱ्याले जातो." पोळ्याला अजून दोन आठवडे आहेत. भावाचं प्रेम! गहू-तांदळाच्या डब्यांवर चिठ्ठ्या लावून गेली. कधी येणार ते नाही लिहिलं.

८ सप्टेंबर, रविवार
पोळा झाला. रीना आलेली नाही. फोन केला तर तिच्या भावाने उचलला, म्हणाला, ती शेतात गेली आहे. रात्री आठ वाजता?
पट्टा जरा फिका वाटतो. ट्यूबलाइटचा दोष. बदलली. खर्रा दोनच. एकाग्रतेसाठी.

२२ सप्टेंबर, रविवार
ट्यूबलाइटचा दोष नव्हता. आहाराचा आहे. रंगासाठी बीट किसून घातलं. मासे लाल झाले नाहीत, पाणी झालं. लांबून पाहिलं तर परिणाम चांगला दिसतो.

५ ऑक्टोबर
आज स्टाफरूममध्ये रोशनला टँकचा फोटो दाखवला. तो म्हणाला, "सर, ये तो बाजार में ढेर लगाके बेचते है." जळका माणूस. तरी खात्री करावी म्हणून बाजारात गेलो, वाटाभर मासोळी आणली, आणि काचेला लावून एकेक ताडून पाहिली. तोच आकार. शेपटीजवळ तोच ठिपका. पट्टा यांनाही नाही, आणि आता माझ्यांनाही नाही.
निष्कर्ष : माझी जात समजलो होतो त्यापेक्षा बरीच पसरलेली आहे.
वाटा तळून खाल्ला. मीठ जास्त झालं.

२० ऑक्टोबर, रविवार
मोनाली आली. तिला अर्जुनीकडे आश्रमशाळेत नोकरी लागली. रीनाही तिच्यासोबत राहणार, असं कळलं. पुस्तकं आणि आईच्या साड्या न्यायला आली होती. मी माफ करायचं ठरवून बसलो होतो. वाक्यंही तयार होती. पण तिने माफी मागितलीच नाही, तर देणार कुठून?
टँकपाशी थांबली. लाल पाण्याकडे पाहत राहिली. मग बॅग खाली ठेवली, बाह्या वर केल्या आणि बादलीने सगळं पाणी बदललं. मेलेले मासे वेगळे काढले. मी विचारलं, काही बोलायचंय का? म्हणाली, "नळाचं पाणी लगेच घालत नका जाऊ. रात्रभर उघडं ठेवा. नाहीतर उरलेलेही मरतील."
मी म्हटलं, जेवून जा. भात लावतो.
तिने हात पुसले. बॅग उचलली. दारातून म्हणाली, "येते, सर."
दहावीपर्यंत ती माझ्याच वर्गात होती. शाळेत बाबा म्हणायचं नाही, सर म्हणायचं, असं मीच बजावलं होतं.
सवयीने निघालं असेल तोंडातून.