सकाळीच लिहिलेली गस्त

ता. ३, सोमवार

तीर्थरूप दादास,

साष्टांग नमस्कार. खरा घालायला कंबर तयार नाही, तेव्हा कागदावरचाच गोड मानून घे. इकडे सगळं बरं आहे. गुडघा कुरकुरतो, वरच्या मजल्यावरचे लोक माझ्या कुंड्या बुडेपर्यंत पाणी ओततात, आणि शेजारच्या मास्तरीणबाई मला अजून 'जमादारीण' म्हणून हाक मारतात. तू विचारलं नव्हतंस, तरी सांगितलं.

तुझी दोन्ही पाकिटं मिळाली. जाड पाकिटात तुझं पुस्तक, छापायच्या आधी माझ्या नजरेखालून घालायला, आणि बारीक पाकिटात सही करायचा कागद. जाड उघडलं. बारीक टेबलावर आहे, त्यावर चष्म्याचं घर ठेवलंय. सवडीने बघू.

तर पुस्तक. तीनशे बारा पानं! अरे, पोलिसातल्या चौतीस वर्षांच्या नोकरीत तू तीनशे बारा दिवस तरी खुर्चीतून उठला होतास का? मुखपृष्ठावर शांतिसेनेची निळी टोपी घालून क्षितिजाकडे बघतोयस. तो फोटो काढला तेव्हा मी शेजारीच उभी होते. क्षितिज कसलं, जेवणाची गाडी आली का ते बघत होतास तू.

पहिल्याच पानावर म्हणतोस, लहानपणापासून तुला अन्यायाची चीड. माझी पाटी फोडून वर मलाच 'रडलीस तर बघ' म्हणणारा तो कोण होता मग? चौथ्या प्रकरणात तू त्या टोळीच्या म्होरक्याला 'एकट्याने, निःशस्त्र' जाऊन पकडलंस. दादा, त्याचा पाय प्लास्टरमध्ये होता. तो दवाखान्यात पडला होता आणि तू दोन गाड्या भरून माणसं नेली होतीस. एकट्याने तू काय केलंस, तर फोटो काढून घेतलास.

आणि सातवं प्रकरण. 'परक्या, होरपळलेल्या भूमीत आम्ही शांतीचं रोप लावलं.' रोप! आपण झेंड्याच्या काठीभोवती दगड लावले होते. 'महिलांना मी आवर्जून संधी दिली.' शांतिसेनेच्या तुकडीत दोन बायका असायलाच हव्यात असा वरून हुकूम होता, दुसरी मिळेना, म्हणून सख्खी बहीण विमानात घातलीस. घरी दादा, कचेरीत साहेब. तुला सॅल्यूट ठोकताना पहिले आठ दिवस माझं हसू आवरत नव्हतं.

लाकडाच्या वाराबद्दल तर तू धड समजावलेलंही नाहीस. वाचणाऱ्याला काय कळणार? असं लिही: निर्वासितांच्या छावणीतल्या बायका मंगळवारी आणि शुक्रवारी जळण आणायला जंगलात जायच्या. जंगलात हत्यारबंद टोळ्या होत्या. म्हणून त्या दोन दिवशी आपली पांढरी गाडी आधी निघून जंगलाच्या तोंडाशी उभी राहायची, आणि ती गेल्याशिवाय बायका फाटकाबाहेर पाऊल टाकायच्या नाहीत. एवढं साधं आहे. त्याऐवजी तू लिहिलंयस, 'त्या भगिनी आम्हाला पाठचे भाऊ मानत. आमची गस्त एकही दिवस चुकली नाही.'

हे वाक्य मी दोनदा वाचलं. मग उठून चहा टाकला.

बारीक पाकिटाचं बघते. घाई करू नकोस. वहिनींना नमस्कार.

तुझी,
धाकटी

*

ता. १०, सोमवार

तीर्थरूप दादास,

सा. न. स्वतः फोन करायला तुला जड जातं, म्हणून वहिनींना पुढे केलंस. बिचाऱ्या आधी दहा मिनिटं माझ्या गुडघ्याची चौकशी करत होत्या. मग म्हणाल्या, "वन्सं, एक सही तर करायची. त्यात एवढं काय?"

"वहिनी, तुम्ही वाचलाय का तो कागद?"

"मला काय कळतंय त्यातलं! यांचं बीपी वाढलंय हो. त्या जुन्या छावणीच्या चौकशीपायी सरकारी समितीचं अध्यक्षपद अडकलंय. वीस तारखेला पुस्तक निघायचंय."

"मग गोळी द्या त्यांना," मी म्हटलं. त्यांनी फोन ठेवला. त्यांची माफी माग माझ्या वतीने. तू कधी कुणाची मागितली नाहीस, तेवढाच सराव होईल.

तुला एक खरं सांगते. बारीक पाकीट मी त्याच दिवशी उघडलं होतं, जाडाच्याही आधी. आणि तुझ्या कारकुनाने घोटाळा केलाय. माझ्या जबाबाला चौकशी कचेरीचे कागदही टाचून पाठवलेत. त्यात छावणीतल्या एका बाईचं पत्र आहे. एकोणीस वर्षांनी तिने विचारलंय की त्या शुक्रवारी गाडी कुठे होती. तुझ्या लक्षात आलं असेल, म्हणूनच एवढी धावपळ. पत्राबद्दल आत्ता नको. आधी तू माझ्या नावाने लिहिलेल्या जबाबाबद्दल.

'चालकाने गाडी जंगलाकडे निघाल्याचे बिनतारी यंत्रावरून कळवले, त्यावरून मी नोंदवहीत नोंद केली.' आणि खाली माझ्या सहीसाठी टिंबं. वा! चालकमामांना जाऊन सहा वर्षं झाली. मेलेला माणूस उलटून बोलत नाही, हे तुझ्याइतकं कुणाला ठाऊक असणार? जन्मभर तू बाकीच्यांच्या खांद्यावरून गोळ्या झाडल्यास, आता तिरडीवरच्याचा खांदाही सोडायला तयार नाहीस. किळस आली मला, दादा. शब्द जपून वापरायचं ठरवून बसले होते, पण दुसरा सापडत नाही.

मामा त्या सकाळी तुझ्या टेबलासमोर टोपी हातात घेऊन उभे होते. मी शेजारच्या टेबलावर होते, विसरलास का?

"साहेब, आज लाकडाचा वार आहे. गाडी चुना आणायला गेली तर बायकांचं काय?"

"तू गाडी चालव. वार मी बघतो."

दुसऱ्या दिवशी पदकप्रदान होतं. बडे पाहुणे येणार, झेंड्याभोवतीचे दगड पांढरे दिसले पाहिजेत. म्हणून गाडी जंगलाऐवजी शहरात गेली, चुना आणायला. फेरी मारून दुपारी परत येताना मामांना रस्त्यात बायकांची लाकडं विखुरलेली दिसली. सात जणी गेल्या होत्या. चौघी संध्याकाळपर्यंत आल्या. दोघी दुसऱ्या दिवशी सापडल्या, त्यांना उचलून आणावं लागलं. एक कधीच सापडली नाही. पदकप्रदान ठरल्या वेळी झालं. दगड छान दिसत होते.

आणि वहीत काय? 'गस्त वेळेवर रवाना. सर्व शांत.'

ही युक्तीही तुझीच. मी नोकरीला लागले तेव्हा पहिल्याच आठवड्यात शिकवलीस. वही कोरी दिसता कामा नये, तपासणीवाला कधी टपकेल सांगता येत नाही, म्हणून सकाळच्या चहाबरोबर दिवसभराची गस्त लिहून मोकळं व्हायचं. इकडे सगळेच तसं करत होते. कुणाचं काही बिघडत नव्हतं, कारण इकडे त्या वहीच्या भरवशावर कुणी घराबाहेर पडत नव्हतं. तीच सवय आपण परक्या देशात घेऊन गेलो.

मी सही करणार नाही. मामांच्या बायकोला मी अजून भेटते. तिच्या घरात त्यांचा फोटो आहे, आणि तो क्षितिजाकडे बघत नाही.

धाकटी

*

ता. १५, शनिवार

दादा,

तुझी चिठ्ठी मिळाली. नमस्कार नाही, चमत्कार नाही, नुसती एक ओळ. 'वहीतलं अक्षर कोणाचं आहे ते विसरू नकोस.' तीनशे बारा पानांत जमलं नाही ते तुला एका ओळीत जमलं. खरं बोललास.

अक्षर माझं आहे. कुणी विसरू देत नाही. त्या वर्षी 'नीटनेटक्या नोंदींबद्दल' मला प्रशस्तिपत्र मिळालं होतं, आठवतं? कपाटात इस्त्रीच्या चादरीखाली आहे. फाडायला धजले नाही आणि भिंतीवर लावायला लाज वाटली.

पण तुला वाटतंय तेवढंच नाही ते. तू तेव्हा परेडच्या मैदानावर दगड मोजत होतास, म्हणून तुला माहीत नाही. मी कुणालाच सांगितलं नाही. मामांनाही नाही.

बायकांची ती म्होरकी, जिला आपण मुकादमीण म्हणायचो, ती त्या शुक्रवारी माझ्या खिडकीशी आली होती. रोजच यायची. माझ्या जड बुटांना हसायची, जाळीतून बोट घालून माझी वेणी ओढायची. तिला आपल्या भाषेतला एकच शब्द यायचा. तो तिने विचारला. "गाडी?"

मला ठाऊक नव्हतं असं नाही. दोन तासांपूर्वी मामांना चुना आणायला पाठवलेलं मी या कानांनी ऐकलं होतं. पण पाहुण्यांच्या याद्या, खुर्च्या, हजार कामं, डोकं ठिकाणावर नव्हतं. तिने विचारलं आणि मी सवयीने वहीत पाहिलं. वहीत लिहिलं होतं, गाडी गेली. माझ्याच अक्षरात. मी माझंच खोटं वाचलं, माझाच विश्वास बसला, आणि मी मान हलवली.

ती हसली, मागे वळून बायकांना हात केला, आणि त्या निघाल्या.

आता तिचं पत्र. परत आलेल्या चौघींत ती होती. तिने जंगलातल्या माणसांबद्दल काहीच विचारलेलं नाही. जी कधीच सापडली नाही, ती तिची बहीण. चौकशीवाल्यांनी भाषांतर करून दिलंय ते असं: 'खिडकीतल्या बाईंनी वहीत बघून मान हलवली. त्या बाई चांगल्या होत्या. त्या माझ्याशी खोटं बोलणार नाहीत. त्यांना कुणीतरी खोटं सांगितलं असणार. मी म्हातारी झाले. मला फक्त एवढंच कळायला हवं, त्यांना ते कुणी सांगितलं?'

एकोणीस वर्षं ती माझी बाजू घेत बसलीय रे. आणि मी एकोणीस वर्षं तुला शिव्या घालत बसले. तुला तुच्छ मानणं फार सोपं होतं, तू त्यासाठी सगळी सोय करून ठेवलेलीस. गाडी तू पळवलीस, युक्ती तू शिकवलीस, पदक तू घेतलंस. त्यातलं तुझं तुझ्यापाशी, त्यात मी एक अक्षर कमी करणार नाही. पण मान तू हलवली नाहीस.

काल मी चौकशी कचेरीला उत्तर पाठवलं. चुन्याचं लिहिलं, मामा काय म्हणाले आणि तू काय म्हणालास तेही लिहिलं. तुझं अध्यक्षपद जाईल, पुस्तकाचं काय करायचं ते तू बघ. माझं पेन्शन गेलं तर जाऊ दे. तिच्यासाठी वेगळा कागद जोडला. चार वेळा लिहून फाडला. शेवटी दोनच ओळी राहिल्या. 'मला कुणीही खोटं सांगितलं नव्हतं. ते मीच लिहिलं होतं, सकाळी, चहा पिता पिता.'

पुस्तकाची पानं परत पाठवतेय. तपासून द्यायला सांगितलं होतंस, तपासली. सातव्या प्रकरणात एकच दुरुस्ती आहे, लाल शाईने. 'एकही दिवस चुकली नाही' यातला 'ही' आणि 'नाही' खोडून पुढे त्या शुक्रवारची तारीख घातलीय.

मोठ्यांना नमस्कार, लहानांना आशीर्वाद लिहायची आपली पद्धत. आज दोन्ही राहू दे.

तुझ्या तुकडीतली,
खिडकीतली बाई