ढेकूण निघाला म्हणून शिरा

रविवार, संध्याकाळ

सकाळी उशीवर टम्म फुगलेला किडा दिसला. बायको म्हणाली, "गोचीडच हाय हा. राणीला आजच गावी सोडून या." राणी म्हणजे आमची कुत्री. दारातच बसली होती, सगळं कळल्यासारखी. पण खरंच गोचीड? किडा काचेच्या वाटीखाली धरला, चष्मा पुसून पाय मोजले. सहा. पुन्हा मोजले, सहाच. शिवाय दोन मिशा. गोचिडाला आठ पाय असतात, मिशा नसतात.

"अगं, ढेकूण आहे हा."

तिनंही मोजले. मग हळूच म्हणाली, "म्हंजे माझ्या माहेरच्या गादीतला की."

दिवसभर गाद्या गच्चीवर उन्हात. ढेकूण निघाला म्हणून शिरा करणारं जुळे सोलापुरातलं आमचं पहिलंच घर असावं. पहिली वाटी तिनंच राणीपुढं ठेवली.