स्टुडिओखालच्या तळ्याची वारसदार

मी, खाली सही करणारी, वयाने म्हातारी, पेशाने नटी आणि नंतरची तळेवाली, हे मृत्युपत्र पूर्ण शुद्धीत, चष्मा लावून आणि कुणाच्याही दडपणाखाली न येता लिहीत आहे. डॉक्टरीणबाईंनी मला तपासून "डोकं ठणठणीत आहे, बाकीचं विचारू नका" असे सांगितले आहे. पडद्यावर मी पुष्कळदा मेले. हे मरण खरे असल्याने कागद आधीच केलेला बरा. यापूर्वी मी काही लिहून ठेवले असल्यास ते रद्द समजावे.

कलम १. माझा राहता फ्लॅट सामानासह माझ्या भाच्याला मिळावा. आजारपणात त्याने माझी हयगय केली नाही, याची मला जाण आहे. कपाटातली ग्लिसरीनची बाटलीही त्यालाच. चार लोकांत माझ्यासाठी रडायची वेळ आली तर उपयोगी पडेल.

कलम २. बँकेतील ठेवी तळ्याच्या कुंपणासाठी, पाणी तपासण्यासाठी आणि रखवालदाराच्या पगारासाठी वापराव्यात. पुरस्कारांच्या पितळी बाहुल्या तळ्याकाठच्या खोलीतच राहू द्याव्यात. वाऱ्यात ताडपत्री दाबून धरायला त्यांच्याइतके चांगले दुसरे काही सापडलेले नाही.

कलम ३. मेकअपदादांना या कागदाने काही देत नाही, कारण ते साक्षीदार आहेत आणि साक्षीदाराला काही देऊ नये असे वकील म्हणतात. म्हणून माझा दिव्यांचा आरसा मी त्यांना कालच देऊन टाकला.

कलम ४. आता मुख्य गोष्ट. तळे आणि त्याभोवतीची सर्व जमीन मी माझ्या मालिकेतल्या सासूबाईंना देत आहे.

हे ऐकून वकिलांनी कपाळाला हात लावला. "अहो, तुमचं तर एकमेकींशी बोलणंसुद्धा नाही!" नाही, हे खरे. म्हणून कारण लिहून ठेवते.

ही बाई कित्येक वर्षे रोज संध्याकाळी घराघरांतल्या टीव्हीवर माझा छळ करीत असे. खरे तर ती माझ्याहून लहान. पण केस पांढरे करून तिने आवाज खाली उतरवला की मीसुद्धा दचकायचे. भाजीवाला तिला मुद्दाम किडके टोमॅटो द्यायचा आणि मला वर दोन लिंबे फुकट. ती शॉटमध्ये अशी वळायची की उजेड तिच्या तोंडावर आणि सावली माझ्या. माझ्या चपला एका प्रसंगासाठी नेल्या, त्या अजून परत आलेल्या नाहीत. हेही नोंदवून ठेवावे.

आमच्या स्टुडिओची फरशी कायम घामेजलेली असे. कितीही रंगवली तरी फुगे धरायची. मग माझ्या मरणाचा प्रसंग आला. मी पलंगावर मेलेली, उशाशी सासूबाई रडताहेत आणि कॅमेरा माझ्या पायांकडून तोंडाकडे सावकाश सरकतो आहे. इतक्यात पलंगाखालून एक बेडूक उडी मारून माझ्या छातीवर बसला. मेलेल्या माणसाला हलता येत नाही. मी डोळे मिटून पडून राहिले आणि कापडातून त्याची धडधड मला जाणवू लागली. एवढासा जीव, आणि जगण्याची केवढी ती घाई! मी मेल्याचे सोंग घेतलेले आणि तो माझ्यावर बसून दोघांच्या वाटचे जगत होता. मला आयुष्यात कशाचे इतके नवल वाटलेले नाही.

सासूबाई पाल दिसली तरी खुर्चीवर चढत. पण कॅमेरा तिथवर पोहोचायच्या आत त्या बाईने हुंदका न तोडता दोन्ही हात माझ्या छातीवर ठेवले, बेडूक ओंजळीत झाकला, शालीखाली घेतला आणि एक शब्द न चुकता संवाद पुरा केला. बघणाऱ्यांना वाटले, सासूला पाझर फुटला. शॉट संपला तेव्हा ती लटलटा कापत होती. बेडूक तिने स्वतः बाहेर गवतात सोडला, हात धुतले, पुन्हा धुतले आणि मला म्हणाली, "मरायचं तर नीट मर की गं! अंगावर बेडूक घेऊन कोण मरतं?"

बेडूक आला कुठून, याचा मी छडा लावला. आम्ही जिथे खोटा संसार थाटला होता ते बुजवलेले तळे होते. पुढे प्रेक्षक हळहळले म्हणून लेखक मला जुळी बहीण करून परत आणायला निघाले. मी नाही म्हटले, आणि मालिका बंद पडली. सासूबाईंचा फोन आला. "तू मेलीस ती मेलीस, मला कशाला सोबत नेलंस?" तेव्हापासून अबोला आहे. तिचा राग मला कळतो; माझा निर्णय मात्र आजही तोच असता.

स्टुडिओ विकायला निघाला तेव्हा तळे पुन्हा मोकळे करायला मी जवळचे होते नव्हते ते घालून जागा घेतली. पाणी बाहेरून आणावे लागेल असे सगळे म्हणत होते. फरशी फोडली, भराव उपसला आणि जिथे माझा पलंग होता तिथे खालून पाणी वर येऊ लागले. कामकरी, मी, मेकअपदादा, सगळेच वाकून त्यात हात बुडवू लागलो. मग चिखलात दबलेल्या बियांना कोंब आले. आमच्या सगळ्या रडारडीखाली त्या निमूट वाट पाहत राहिल्या होत्या. चतुर आले, पाणकोंबड्या आल्या. हे सारे मी केले असे लोक म्हणतात. मी फक्त झाकण काढले.

पुढची सगळी वर्षे मी बुजू घातलेल्या दुसऱ्या तळ्यांसाठी कार्यालयांचे उंबरे झिजवले. "सूनबाई आल्या" म्हटले की कारकून उठून फाइल काढीत. पण या जागेवर आता पुष्कळांचा डोळा आहे. भाच्याच्या टेबलावर मी तिचा नकाशा पाहिला. त्यात तळ्याच्या जागी गाड्या उभ्या दाखवल्या आहेत. मुलगा वाईट नाही, भिडस्त आहे. बांधकामाच्या धंद्यातल्या भागीदारापुढे त्याचे तोंड उघडत नाही. इथे सूनबाई पुरणार नाही, सासूच हवी. आणि ज्या जिवाची स्वतःला भीती वाटते त्यालाही जपणारी दुसरी व्यक्ती मला भेटलेली नाही.

अट एकच. सासूबाईंनी या कागदाखाली आपला होकार स्वहस्ते लिहावा. मेकअपदादा आजच कागद घेऊन त्यांच्याकडे जातील. नकार आल्यास जमीन भाच्याची, आणि मग तळ्याचे जे होईल ते पाहायला मी नसेन, एवढेच सुख. होकार आल्यास माझे चिखलातले बूट सासूबाईंचे. माप एकच आहे, हे चपला सांगतीलच.

कलम ५. माझा देह थोडा वेळ तळ्याकाठी ठेवावा. छातीवर बेडूक येऊन बसला तर कुणी उचलू नये. या वेळी शॉट बिघडायचा नाही.

स्थळ: तळ्याकाठची खोली, पूर्वीचे मालिकेतले स्वयंपाकघर.
दिनांक: महिन्याचा पहिला सोमवार, सकाळी; साल वकिलांच्या शिक्क्यात आहे.

सही: थोरल्या सूनबाई (लोक याच नावाने ओळखतात, खरे नाव शिक्क्याखाली)

आमच्यासमक्ष सही केली:
साक्षीदार १: डॉक्टरीणबाई
साक्षीदार २: मेकअपदादा

होकार / नकार (सासूबाईंनी स्वहस्ते लिहावे):

वाचलं. होकार. बेडकांची मला अजूनही भीती वाटते. चपला दादांबरोबर परत पाठवतेय, बूट काढून ठेव. आणि उगाच मरायची घाई करू नकोस. उद्या सकाळी येतेय मी, तळं कुठून कुठवर आहे ते तू स्वतः दाखव.
तुझी सासू